थपडा खाणारा विदूषक: शोकोलाच्या उदयास्ताचा विचार

सर्कशीच्या रिंगणात विदूषक पडतो, धडपडतो, थप्पड खातो आणि प्रेक्षक हसतात. हे हसणे निर्मळ आहे, त्यात कोणाचे काही जात नाही, अशी आपली सर्वसाधारण समजूत असते. खेळ संपल्यावर पडणारा माणूस उठेल, तोंडावरचा रंग धुऊन टाकील आणि चार माणसांसारखा घरी जाईल, हे गृहीत धरूनच आपण हसत असतो. पण ज्याच्या तोंडावरचा रंग धुऊन जाणारा नाही, त्याचे काय? रिंगणात मिळणारी थप्पड आणि रिंगणाबाहेर मिळणारी वागणूक यांत ज्याच्या वाट्याला फारसे अंतर आले नाही, त्याच्या पडण्याला लोक हसतात ते नेमके कशाला हसतात?

हा प्रश्न नुसत्या तर्काने सुटणारा नाही. त्यासाठी एका माणसाचे आयुष्य समोर ठेवावे लागेल. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस पॅरिस शहराला हसवणारा आणि १९१७ साली बोर्दो शहरात कफल्लक अवस्थेत मेलेला एक काळा विदूषक होता. लोक त्याला शोकोला म्हणत. शोकोला म्हणजे चॉकलेट. हे त्याचे नाव नव्हते. ते त्याच्या कातडीचे वर्णन होते.

विदूषक हा शब्द आपल्याकडे संस्कृत नाटकातून आला आहे, म्हणून आधी त्याचा उलगडा केला पाहिजे. संस्कृत नाटकातला विदूषक जातीने ब्राह्मण असतो आणि राजाचा मित्र असतो. तो खादाड आहे, भित्रा आहे, कुरूप आहे. त्याला संस्कृतऐवजी प्राकृत बोलायला लावलेले आहे. परंतु संबंध नाटकात त्याच्या ब्राह्मण्याला कुठे धक्का लागत नाही. हसे होते ते त्याच्या पोटाचे, त्याच्या स्थानाचे नव्हे. तमाशातल्या सोंगाड्याची गोष्ट वेगळी. बहुतेक करून तो गावकुसाबाहेरून फडात आलेला असतो. फडावर उभा राहून तो राजाला, पाटलाला, सावकाराला चिमटे काढतो आणि गाव ते ऐकून घेते. खेळ संपला की मात्र त्याला पुन्हा गावकुसाबाहेरच जावे लागते. म्हणजे विदूषक हा एकच प्रकार नाही. हसवणारा माणूस समाजाच्या कोणत्या पायरीवर उभा आहे, यावर त्याच्या विनोदाचा अर्थ ठरतो. शोकोलाचा विचार करताना हे सूत्र आपण हातचे सोडता कामा नये.

त्याचे मूळ नाव राफाएल. जन्म क्यूबातील हवाना शहरात, १८६५ ते १८६८ या वर्षांच्या दरम्यान केव्हातरी. नक्की साल कोणाला ठाऊक नाही, कारण तो गुलाम म्हणून जन्मला होता आणि त्याच्या जन्माची नोंद ठेवावी असे कोणाला वाटले नाही. त्याला आडनावही नव्हते. पुढे इतिहासाच्या पुस्तकांत त्याला राफाएल पादिया असे म्हटलेले आढळते; परंतु पादिया हे नाव अखेरच्या काळातल्या सरकारी कागदांवरून आलेले आहे. हयातभर लोकांनी त्याला त्या नावाने ओळखले नाही. माणसाला नाव नसणे म्हणजे काय, हे आपल्याला वेगळे सांगण्याची गरज नाही. शूद्राचे नाव किळस वाटावी असे ठेवावे, अशी आज्ञा मनुस्मृतीने लिहून ठेवली आहे. नाव हिरावून घेणे किंवा अपमानाचे नाव चिकटवणे हे गुलामगिरीचे पहिले काम असते. बेड्या पुढच्या.

त्या काळचे क्यूबा हे स्पेनचे वसाहतराज्य होते आणि जगातल्या सर्वात मोठ्या ऊस उत्पादक प्रदेशांपैकी एक होते. ही साखर आफ्रिकेतून धरून आणलेल्या माणसांच्या घामावर पिकत होती. अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांत यादवी युद्धानंतर १८६५ साली गुलामगिरी घटनेने बंद झाली. १८७३ साली जोतीराव फुल्यांनी आपला 'गुलामगिरी' हा ग्रंथ गुलामांना मुक्त करणाऱ्या तिथल्या सदाचारी लोकांना अर्पण केला. त्याच वेळी अमेरिकेच्या किनाऱ्यापासून जेमतेम दीडशे किलोमीटरवर असलेल्या क्यूबात राफाएल पाच-सात वर्षांचा पोर होता आणि तिथली गुलामगिरी मजबूत होती. स्पेनने १८७० साली एक कायदा करून गुलाम आयांच्या पोटी यापुढे जन्मणारी मुले मोकळी ठरवली, पण त्यांना वयात येईपर्यंत मालकाच्याच ताब्यात ठेवले. १८८० च्या कायद्याने 'गुलाम' हा शब्द काढला आणि 'आश्रित' हा शब्द घातला. खरी मुक्ती १८८६ साली आली. कायद्यातला शब्द बदलला म्हणजे माणसाची स्थिती बदलते असे नाही, हा अनुभव क्यूबातल्या काळ्या माणसाने असा हप्त्याहप्त्याने घेतला.

राफाएलला मात्र तेवढी वाट पाहता आली नाही. हवानाच्या गरीब वस्तीत एका काळ्या बाईने त्याला वाढवले. मुलगा असतानाच एका स्पॅनिश व्यापाऱ्याने त्याला विकत घेतले. अठरा औंस सोने ही त्याची किंमत सांगितली जाते. या व्यापाऱ्याने त्याला बिल्बाओजवळच्या सोपुएर्ता या आपल्या गावी नेले. स्पेनच्या मुख्य भूमीवर त्या वेळी गुलामगिरी कायद्याने उरलेली नव्हती. म्हणजे बोटीतून खाली पाऊल टाकताच राफाएल कायद्याने स्वतंत्र झाला होता! परंतु त्याला झोपायला तबेला मिळाला, शाळा मिळाली नाही आणि काम घरगड्याचे मिळाले. घरातल्या माणसांनी कायदा वाचला नव्हता असे नाही. त्यांना तो तबेल्यापर्यंत नेण्याची गरज वाटली नाही, इतकेच.

चौदा-पंधरा वर्षांचा असताना तो तिथून पळाला. बास्क प्रदेशातल्या खाणींत त्याने दगड फोडले. बिल्बाओला येऊन गोदीत ओझी उचलली, रेल्वे स्टेशनावर हमाली केली. त्याच्या आयुष्यातला हा पहिला बंडाचा क्षण आहे आणि त्याच्याविषयी लिहिणाऱ्यांनी तो फार घाईने ओलांडला आहे. पुढे जो माणूस रिंगणात निमूटपणे थपडा खातो म्हणून ओळखला गेला, त्याने कोवळ्या वयात मालकाचे घर लाथाडले होते, हे ध्यानात ठेवले पाहिजे.

बिल्बाओत त्याची गाठ टोनी ग्राइस या फिरत्या इंग्रज विदूषकाशी पडली. ग्राइसने त्याची ताकद आणि अंगाची लवचीकता हेरली व त्याला कामाला ठेवले. काम दुहेरी होते: घरात नोकर आणि रिंगणात मदतनीस. १८८६ साली ग्राइसबरोबर तो पॅरिसला आला आणि त्याच सुमारास त्याला शोकोला हे नाव चिकटले. या नावातली क्रूरता त्या काळी कोणाला जाणवली नसावी. चॉकलेट कोकोपासून आणि साखरेपासून होते, आणि ही दोन्ही पिके युरोपच्या तोंडी लागली ती गुलामांच्या श्रमातून. ज्या उसाच्या मळ्यांसाठी त्याच्या वाडवडिलांना आफ्रिकेतून ओढून आणले, त्याच मळ्यांच्या गोडव्याचे नाव त्याला मिळाले.

पॅरिसच्या सँ-ओनोरे रस्त्यावर १८८६ सालीच 'नूव्हो सर्क' म्हणजे 'नवी सर्कस' उघडली होती. तिचा मालक जोझेफ ओलेर. यानेच पुढे १८८९ साली 'मूलाँ रूझ' हे प्रसिद्ध नृत्यगृह काढण्यात पुढाकार घेतला. ही सर्कस आपण गावाबाहेर तंबूत पाहतो तशी नव्हती. ती पक्क्या इमारतीत होती, विजेच्या दिव्यांनी उजळलेली होती आणि तिचा प्रेक्षक श्रीमंत होता. तिच्या रिंगणाची जमीन यंत्राने खाली जाई, तिथे पाणी भरे आणि पाहता पाहता रिंगणाचे तळे होई. जलनाट्ये ही तिथली खासियत होती. अशाच एका मूकनाट्यात, 'शोकोलाचे लग्न' या खेळात, १८८८ साली राफाएलला मुख्य भूमिका मिळाली आणि तो एकदम प्रसिद्धीला आला. मूकनाट्याला भाषा लागत नाही. लिहिता-वाचता न येणाऱ्या, फ्रेंच तोडकेमोडके बोलणाऱ्या या माणसाजवळ त्याचे शरीर होते आणि त्या शरीराने तो नाचू शकत होता, पडू शकत होता, एखादी भावना खांद्याच्या हालचालीतून दाखवू शकत होता. त्या वेळी तो वीस-बावीस वर्षांचा असेल. पहिली पाच-सात वर्षे निरनिराळ्या विदूषकांबरोबर त्याने खेळ केले. १८९५ च्या सुमारास नूव्हो सर्कच्या संचालकाने त्याची जोडी जॉर्ज फूटिट या इंग्रज विदूषकाशी जमवली. 'फूटिट आणि शोकोला' हे नाव पॅरिसच्या तोंडी झाले. जोडीत आधी नाव गोऱ्याचे, मग काळ्याचे. जाहिरातीत हा क्रम बदलला नाही.

येथे सर्कशीतल्या विदूषकी कलेची थोडी माहिती सांगणे आवश्यक आहे. युरोपच्या सर्कशीत विदूषकांची जोडी साधारणपणे दोन नमुन्यांची असते. एक पांढरा विदूषक. त्याचे तोंड पिठासारखे पांढरे रंगवलेले, अंगावर भरजरी झगा, डोक्यावर निमुळती टोपी. तो शहाणा, हुकूम सोडणारा, चुका काढणारा. दुसरा 'ऑग्यूस्त'. तो गबाळा, मठ्ठ, हुकूम नीट न समजणारा आणि म्हणून मार खाणारा. एक मालक आणि एक गडी, एक शिक्षक आणि एक ढ पोर, असा हा संबंध असतो. फूटिट आणि शोकोला यांनी या जोडीला जे रूप दिले, ते पुढे बराच काळ नमुना म्हणून चालले. मात्र इतर जोड्यांत ऑग्यूस्त हा सोंग घेतलेला गोरा माणूस असे. त्याचे लाल नाक, त्याचा ढगळ कोट उतरला की तो आणि पांढरा विदूषक समोरासमोर एकाच पंगतीला बसू शकत. येथे पांढरा विदूषक खरोखर गोरा होता आणि मार खाणारा खरोखर काळा. नाटकातली उतरंड आणि समाजातली उतरंड एकमेकांवर तंतोतंत बसली. म्हणूनच हा खेळ इतका गाजला, असे म्हणावे लागते. प्रेक्षकाला नवे काही समजून घ्यायचे नव्हते. जे त्याला आधीच ठाऊक होते तेच त्याच्यासमोर हसत-खेळत मांडले जात होते.

रिंगणातल्या थपडेचेही एक तंत्र असते. मारणारा हात फिरवतो, तो गालाला लागो न लागो. 'फाट' असा आवाज मात्र बहुधा मार खाणारा स्वतःच आपल्या दोन हातांची टाळी वाजवून काढतो. प्रेक्षकाचे लक्ष मारणाऱ्याच्या हाताकडे असल्याने ती टाळी दिसत नाही. म्हणजे थपडेची वेळ मार खाणारा साधतो, तिचा आवाज तो काढतो, पडणे तो रचतो. विदूषकांच्या धंद्यात मार खाणाऱ्याचे काम अधिक अवघड मानले जाते ते यासाठी. तरीही शोकोलाच्या बाबतीत पुढच्या काळातल्या लेखकांनी हे कसब फूटिटच्या खाती जमा केले आणि शोकोलाला नुसता मार खाणारा म्हणून सोडून दिले. मारणाऱ्याजवळ कला आणि मार खाणाऱ्याजवळ नुसता गाल! ज्याने टाळी वाजवली त्याची टाळी कोणाला दिसली नाही.

त्यांचे काही छोटे प्रसंग ल्युमिएर बंधूंच्या कॅमेऱ्याने टिपले आणि ते आजही पाहता येतात. त्यांत विल्यम टेलच्या गोष्टीची नक्कल आहे. टेलच्या पोराप्रमाणे शोकोलाच्या डोक्यावर सफरचंद ठेवले जाते. त्याने स्थिर उभे राहायचे आणि फूटिटने नेम धरायचा. पण शोकोला सफरचंद काढतो आणि त्याचा एक घास घेतो. पुन्हा ठेवले की पुन्हा खातो. येथे मार खाणारा हाच खरा खेळ चालवतो आहे. मालकाच्या पराक्रमासाठी आपले डोके निशाणी म्हणून द्यायला तो नकार देत नाही. तो ते सफरचंदच खाऊन टाकतो. हुकूम न समजल्याचे सोंग हे गड्याचे, सालदाराचे, गुलामाचे फार जुने हत्यार आहे. उघड नकार दिला तर चाबूक पडतो. समजलेच नाही असे दाखवले तर मालक फक्त चडफडतो. शोकोलाच्या खेळात हे हत्यार होते. फ्रान्सच्या प्रतिष्ठित प्रेक्षकांना त्यात फक्त काळ्या माणसाचा मठ्ठपणा दिसला.

चित्रकार तूलूझ-लोत्रेक याने या जोडीची रेखाटने केली. त्याचे एक गाजलेले चित्र १८९६ सालचे आहे. त्यात शोकोला सर्कशीत नाही, एका दारूच्या गुत्त्यात नाचतो आहे. समोर फूटिट नाही, थप्पड नाही. पाय लांब टाकून, एक हात वर उचलून तो नाचतो आहे. त्याच्या कलेची एवढी एकच साक्ष शिल्लक राहिली असती तरी तो कोण होता हे कळायला पुरेशी होती.

परंतु बाजाराला नाचणारा शोकोला नको होता. बाजाराला मार खाऊन हसणारा शोकोला हवा होता. मोठ्या दुकानांच्या आणि साबणाच्या जाहिरातींवर त्याचा चेहरा झळकला. काळ्या माणसाला धुऊन गोरा करण्याची कल्पना त्या काळच्या युरोपीय साबणांच्या जाहिरातींत पुनःपुन्हा येते, हे येथे आठवावे. मुलांच्या खेळण्यांतही ही जोडी शिरली. फ्रेंच भाषेत 'शोकोला होणे' म्हणजे फसवले जाणे, हात चोळत बसणे. हा वाक्प्रचार या जोडीच्या खेळामुळे लोकांच्या तोंडी रुळला. एका माणसाचे टोपणनाव एका भाषेत फसगतीचा प्रतिशब्द बनले.

हे सर्व कोणत्या देशात घडत होते? ज्या देशाने १७८९ साली मानवी हक्कांचा जाहीरनामा काढला, त्या देशात. त्या क्रांतीच्या शताब्दीसाठी १८८९ साली पॅरिसमध्ये मोठे प्रदर्शन भरले, आयफेल मनोरा उभा राहिला. त्याच प्रदर्शनात वसाहतींतून आणलेली काळी माणसे त्यांच्या झोपड्यांसह लोकांना पाहण्यासाठी मांडून ठेवली होती. तिकीट काढून आत या, माणूस पाहा. त्या आधी १८८४-८५ साली बर्लिनला परिषद भरवून युरोपीय सत्तांनी आफ्रिका वाटून घेण्याचे नियम ठरवले होते. ज्यांची जमीन आपण घेत आहोत ती माणसे पोरकट आहेत, त्यांना दोन थपडा दिल्या तरी ती हसतात, असे घरच्या जनतेला वाटत राहणे सत्तेच्या सोयीचे होते. शोकोलाला कोणी त्यासाठी मुद्दाम उभा केला असे म्हणण्याचे कारण नाही. व्यवस्थेला अशी माणसे नेमावी लागत नाहीत. ती पोटासाठी आपोआप येतात आणि व्यवस्था त्यांचा उपयोग करून घेते.

रिंगणाबाहेर राफाएलचे स्वतःचे आयुष्य होते. मारी एके या गोऱ्या फ्रेंच स्त्रीबरोबर तो राहत होता. पहिल्या नवऱ्यापासून तिला झालेली दोन मुले, यूझेन आणि स्यूझान, त्याने आपली म्हणून वाढवली. त्यांचे कायदेशीर लग्न झाले नाही. ज्याच्या जन्माचा कागद नाही, ज्याला आडनाव नाही, त्याने नोंदणी कचेरीत काय लिहून द्यावे, ही अडचणही त्यामागे असणार. शोकोला हेच त्या घराचे आडनाव झाले. प्रसिद्धीच्या उत्तरार्धात तो पॅरिसच्या रुग्णालयांतून आजारी मुलांना हसवायला जाऊ लागला. रुग्णालयातला विदूषक ही कल्पना आज जगभर मान्यता पावली आहे. तिच्या आरंभीच्या माणसांत या निरक्षर माणसाचे नाव घ्यावे लागते. त्या खाटांमधून फिरताना त्याला थप्पड मारायला सोबत कोणी नव्हते. तरी मुले हसत होती. फूटिटशिवाय शोकोलाजवळ काही नव्हते असे म्हणणाऱ्यांना हे उत्तर आहे.

आता त्याच्या पडझडीकडे वळू. ती एका दिवसात झाली नाही. १९०२ साली नूव्हो सर्कमध्येच अमेरिकन काळ्या कलावंतांचा 'केकवॉक' नाच आला आणि पॅरिसला त्याचे वेड लागले. हा नाच मुळात अमेरिकेतल्या गुलामांचा. गोऱ्या मालकांच्या ऐटबाज चालीची त्यांनी केलेली टिंगल त्यात होती. या नव्या लाटेपुढे थपडांचा जुना खेळ शिळा वाटू लागला. १९०५ साली नूव्हो सर्कने जोडीचा करार पुढे चालू ठेवला नाही. मग 'फोली बेर्जेर' या रंजनगृहात त्यांनी खेळ केले. १९०८ साली जॅक जॉन्सन हा काळा मुष्टियोद्धा जगज्जेता झाला आणि १९१३ नंतर तो पॅरिसमध्येही येऊन राहिला. ठोसा मारणारा काळा माणूस पाहण्याचे दिवस आले, तसा ठोसा खाणारा काळा माणूस जुना झाला. दुसरीकडे सिनेमा वाढत होता. पॅरिसचे प्रचंड हिपोड्रोम १९११ साली गोमाँ कंपनीचे चित्रपटगृह बनले, यावरून वारे कुठे वाहत होते ते कळते.

१९१० च्या सुमारास जोडी फुटली. ओदेऑन नाट्यगृहात 'रोमिओ आणि ज्युलिएट' नाटकात फूटिटला काम मिळाले. शोकोलालाही नाट्यगृहात शिरण्याची एक संधी मिळाली. 'थिएटर आंत्वान'मध्ये 'मोईझ' नावाच्या नाटकात त्याने भूमिका केली. ते जमले नाही. संवाद लांब होते, भाषा परकी होती आणि त्याला वाचता येत नव्हते. टीकाकारांनी त्याच्या अपयशावर बोट ठेवले. तबेल्यात झोपवलेल्या पोराला अक्षर कोणी शिकवले नव्हते, ते देणे तीस वर्षांनंतर रंगभूमीवर वसूल झाले. ज्या हातांनी त्याला शाळा नाकारली ते हात नामानिराळे राहिले, आणि चुकला तो नट! शिक्षण नाकारणे ही अशी गोष्ट आहे की तिचा घाव लगेच दिसत नाही. माणूस वर चढू लागला की मगच तो पायाला लागतो.

त्यानंतर यूझेनला जोडीला घेऊन त्याने 'ताब्लेत आणि शोकोला' या नावाने खेळ केले. ताब्लेत म्हणजे वडी. पुन्हा तेच चॉकलेट. नाव बदलण्याची मुभा त्याला नव्हती, कारण लोक त्या नावाचेच तिकीट काढत. १९१३ साली स्यूझान क्षयाने गेली. ती एकोणीस वर्षांची होती. पाठोपाठ महायुद्ध आले. दारू वाढली, पैसा संपला. सर्क राँसी या फिरत्या सर्कशीबरोबर दौऱ्यावर असताना ४ नोव्हेंबर १९१७ रोजी बोर्दोमध्ये त्याचा मृत्यू झाला. वय पन्नासच्या आसपास. तिथल्या प्रॉटेस्टंट स्मशानभूमीत निर्धनांसाठी राखलेल्या भागात त्याला पुरले. फूटिट १९२१ साली वारला. त्याचे दफन पॅरिसच्या प्रसिद्ध पेर लाशेझ स्मशानभूमीत झाले. फूटिटचाही उत्तरकाळ वैभवाचा नव्हता, हे खरे. परंतु मृत्यूनंतरही एकाला नाव मिळाले, एकाला मिळाले नाही.

शोकोलाचा ऱ्हास कशाने झाला? याचे सोपे उत्तर तयार असते. तो पीत होता, पैसा उधळत होता. खालून वर आलेला माणूस पुन्हा खाली गेला की समाज त्याच्या सवयी मोजू लागतो. हे उत्तर खोटे नाही, पण अपुरे आहे. त्याच काळात त्याच पॅरिसमध्ये पिणारे कलावंत थोडे नव्हते. तूलूझ-लोत्रेक स्वतः दारूने खंगून १९०१ साली गेला. पण त्याच्यामागे सरदार घराणे होते, त्याची चित्रे होती, त्या चित्रांवर त्याची सही होती. शोकोलाची कला त्याच्या शरीरात होती आणि शरीर थकल्यावर तिच्यातले काहीच त्याच्या मालकीचे उरले नाही. जोडीची घडण दुसऱ्याची, नाव दुसऱ्याने दिलेले, जाहिरातीतला चेहरा दुकानदाराचा. १९०७ साली 'फूटिट आणि शोकोला यांच्या आठवणी' असे पुस्तक निघाले, तेही फ्राँ-नोएँ या गोऱ्या लेखकाने मुलांच्या करमणुकीसाठी लिहिलेले. राफाएलच्या आयुष्याची जी थोडी माहिती आज मिळते तिचा बराच भाग त्या पुस्तकातून गाळून घ्यावा लागतो. त्याच्या दुःखाचीही हकिकत विनोदाच्या साच्यात बसवून मगच छापली गेली.

येथे एक आक्षेप येऊ शकतो. आपल्या अपमानाचा खेळ करून ज्याने पैसा आणि कीर्ती मिळवली, त्याला आपण कलावंत म्हणून मान का द्यावा? स्वाभिमान असता तर त्याने रिंगण सोडले नसते का? हा आक्षेप वरून बरोबर वाटतो. परंतु रिंगण सोडून त्याने कुठे जायचे होते? त्याच्यापुढे दगडखाण होती, गोदी होती, कोणाचा तरी तबेला होता. आपल्याकडेही पोटासाठी ढोलकीवर नाचलेल्या, सोंग आणलेल्या, हलगी वाजवलेल्या माणसांना पुढे त्यांच्याच पोरांनी नाके मुरडल्याची उदाहरणे कमी नाहीत. अपमानाचे काम नाकारणे हे योग्यच आहे. मुक्तीच्या चळवळी त्या नकारातून उभ्या राहतात. पण ज्याला नकार देण्याइतकी जमीन पायाखाली मिळाली नाही, त्याच्या कसबाला त्याच्या गुलामीसह फेकून देणे म्हणजे मालकाचाच निवाडा पुन्हा वाचणे होय. राफाएलने दिलेल्या जागेत जेवढे माणूसपण उभे करता येईल तेवढे केले. सफरचंद त्याने खाल्ले. मालकाचे घर त्याने सोडले. आजारी पोरांना त्याने थप्पड न खाता हसवले. हे त्याच्या जमेला धरले पाहिजे.

फ्रान्सने त्याला जवळजवळ शंभर वर्षे विसरून दाखवले. इतिहासकार जेरार न्वारिएल यांनी जुनी वर्तमानपत्रे आणि कागदपत्रे चाळून त्याचे चरित्र उभे केले; त्यांचे पहिले पुस्तक २०१२ साली आले. २०१६ साली त्याच्या जीवनावर चित्रपट निघाला. शोकोलाची भूमिका ओमार सी या काळ्या नटाने केली आणि फूटिटची चार्ली चॅप्लिनच्या नातवाने, जेम्स तिएरे याने. त्या चित्रपटात शोकोला ऑथेल्लो करताना दाखवला आहे. प्रत्यक्षात नाटक 'मोईझ' होते. शेक्सपिअरचा नायक त्याला मेल्यानंतर मिळाला, तोही पडद्यावर. त्याच वर्षी सँ-ओनोरे रस्त्यावर, जिथे नूव्हो सर्क होती त्या जागी, त्याच्या नावाची पाटी लागली.

पाटी लागली हे चांगलेच झाले. पण त्या पाटीने प्रश्न संपत नाही. न्वारिएल यांना एवढा शोध का घ्यावा लागला? कारण राफाएलने स्वतः लिहिलेली एक ओळ शिल्लक नाही. त्याचे चित्र दुसऱ्याने काढले, त्याचा खेळ दुसऱ्याने नोंदवला, त्याच्या आठवणी दुसऱ्याने लिहिल्या, त्याच्यावर टीका दुसऱ्याने केली आणि त्याचे स्मरणही दुसऱ्यानेच केले. यातले काही जण सहृदय होते, हे मान्य करूनही बाकी काय उरते ते पाहावे. आपल्याकडे गेल्या अर्धशतकात दलित लेखकांनी स्वतःच्या हाताने स्वतःचे आयुष्य लिहिले, तेव्हा 'हे वाङ्मय आहे की नुसती कैफियत' असे विचारले गेले. त्या विचारणाऱ्यांनी शोकोलाचे आयुष्य एकदा नजरेखालून घालावे. ज्याची कैफियत लिहिली जात नाही, त्याच्या नावाचा पुढे वाक्प्रचार होतो. आणि तो वाक्प्रचार वापरताना, त्यामागे कधी एक माणूस होता, हे कोणाच्या ध्यानातही येत नाही.